अकरा राग आणि एक ट्रंपेट
(‘राग जॅझ स्टाईल’ या तबकडीवरच्या पुस्तकाची प्रस्तावना)

१९६८ साली एचएमव्हीने शंकर-जयकिशन यांच्या नावाने एक एलपी बाजारात आणली आणि तिच्यात एकही गाणं नव्हतं. लता नाही, रफी नाही, मुकेश नाही. कुठला चित्रपट नाही की पोस्टरवरचा नायक नाही. होते ते अकरा राग: तोडी, भैरव, मालकंस, कलावती, तिलक कामोद, मियाँ मल्हार, बैरागी, जयजयवंती, मिश्र पिलू, शिवरंजनी आणि भैरवी. सतारीवर उस्ताद रईस खाँ, आणि त्यांच्या भोवती ट्रंपेट, सॅक्सोफोन, पियानो, इलेक्ट्रिक गिटार, बेस गिटार, ड्रम्स. शिवाय बासरी आणि तबला. नावही काही आडपडदा न ठेवणारं, ‘राग जॅझ स्टाईल’. हे पुस्तक त्या एका तबकडीबद्दल आहे.

एका तबकडीवर अख्खं पुस्तक म्हणजे जरा अतीच झालं, असं कुणी म्हटलं तर मी भांडणार नाही. पण देऊळगाव राजात बसून जॅझवर कशाला लिहिता, असं कुणी विचारलं की मात्र मी भांडतो. कारण इथल्या प्रत्येकाने या तबकडीचा निदान एक तुकडा ऐकलेला आहे, फक्त तो वरातीत ऐकलेला आहे. नवरदेवाचं घोडं चौकात अडतं, जनरेटरची गाडी मागे धडधडत असते, मित्रमंडळी नाचून घामाघूम झालेली असतात. मग बँडमधला ट्रंपेटवाला ओठ पुसतो, टोपी मागे सारतो आणि ‘सूरज’मधलं ते फुलं उधळायला सांगणारं गाणं धरतो. १९६६ सालचं गाणं, गायक रफी, संगीत शंकर-जयकिशन, राग शिवरंजनी. रफीसाहेबांचा आवाज त्या गाण्यात कोमल गंधारावर जसा हळूच उतरतो, तसं उतरायला ट्रंपेटला जमत नाही. तिथे तीनच बटणं आणि बाकी सगळा ओठांचा खेळ. म्हणून आपला बँडवाला बटण पुरतं न दाबता अर्ध्यावर धरतो आणि स्वर घसरवत नेतो. कुणी त्याला हे शिकवलेलं नसतं. नेमकी हीच युक्ती न्यू ऑर्लिन्सपासून शिकागोपर्यंतचे जॅझवाले शंभर वर्षं करत आले आहेत.

‘सूरज’नंतर दोन वर्षांनी त्याच संगीतकारांनी तोच राग शब्दांशिवाय, सतार आणि सॅक्सोफोनच्या संगतीत पुन्हा हाताळला. वरातीतल्या ट्रंपेटपासून या तबकडीपर्यंतचं अंतर वाटतं तेवढं नाही.

जगात जॅझ आणि देशी संगीत यांच्या संकराचं नाव निघालं की सगळ्यात आधी बोट ब्राझीलकडे जातं, तेव्हा तिकडे एक फेरी मारून येणं भाग आहे. मार्च १९६३ मध्ये न्यूयॉर्कच्या एका स्टुडिओत दोन दिवसांत एक तबकडी ध्वनिमुद्रित झाली. अमेरिकन सॅक्सोफोनवादक स्टॅन गेट्झ, ब्राझीलचा गायक-गिटारवादक ज्वांव जिल्बेर्तो, आणि पियानोवर अंतोनियो कार्लोस जोबीम, ज्याच्या बहुतेक रचना तिच्यात आहेत. ज्वांवची पत्नी आस्त्रुद स्टुडिओत आली होती. इंग्रजी ओळी म्हणायला कुणीतरी हवं होतं, ती म्हणाली. व्यावसायिक गायिका नसलेल्या त्या बाईचा सपाट, कसलाही आव न आणणारा आवाज जगभर गेला. ‘गेट्झ/जिल्बेर्तो’ १९६४ मध्ये बाहेर आली आणि १९६५ मध्ये तिला वर्षातल्या सर्वोत्तम आल्बमचं ग्रॅमी मिळालं. जॅझच्या तबकडीला तो मान पहिल्यांदाच मिळत होता, आणि दुसऱ्यांदा मिळायला २००८ साल उजाडावं लागलं.

या यशामागे न्यूयॉर्कपेक्षा रिओचा वाटा मोठा आहे. सांबा हा रस्त्यावरचा, ढोलांच्या ताफ्याचा नाच. जिल्बेर्तोने तो ताफा एका गिटारीत आणला: अंगठा मोठ्या ढोलाचा ठोका सांभाळतो, बाकीची बोटं लहान वाद्यांचे आडवेतिडवे आघात घेतात, आणि गळा त्या सगळ्यावरून जवळजवळ बोलल्यासारखा गातो. १९५८-५९ मध्ये रिओत हे, म्हणजे बोसा नोव्हा, पूर्ण तयार झालं होतं. १९६१ मध्ये गिटारवादक चार्ली बर्ड अमेरिकी सरकारच्या सांस्कृतिक दौऱ्यावर दक्षिण अमेरिकेत गेला, तिथून हा माल घेऊन परतला, आणि पुढच्या फेब्रुवारीत त्याने नि गेट्झने वॉशिंग्टनमधल्या एका चर्चच्या सभागृहात ‘जॅझ सांबा’ मुद्रित केली. गंमत अशी की याच सरकारी दौऱ्यांतून १९५८ मध्ये डेव्ह ब्रुबेक आणि १९६३ मध्ये ड्यूक एलिंग्टन मुंबईत येऊन वाजवून गेले. एलिंग्टनने परत जाऊन ‘फार ईस्ट स्वीट’ रचली, तिच्यात आग्रा आहे, दिल्लीचा पक्षीही आहे. पण मुंबईतून चार्ली बर्डसारखं काही कुणी उचलून नेलं नाही. उचलून नेण्याजोगं जे होतं ते तेव्हा ताडदेव-महालक्ष्मीच्या स्टुडिओंत, चित्रपटाच्या गाण्यांत दडून बसलं होतं. पाहुणे ताजमध्ये उतरत.

ब्राझील आणि आपला आणखी एक धागा आहे, तो पोर्तुगीज. १५०० साली काब्राल तेरा जहाजं घेऊन निघाला होता भारताकडे. वाटेत पश्चिमेला सरकला नि ब्राझीलच्या किनाऱ्याला लागला, मग पुढे कालिकतला आला. दहा वर्षांनी गोवा त्याच राजमुकुटाखाली गेला. ब्राझील १८२२ मध्ये सुटलं, गोवा १९६१ मध्ये. आपण ज्याला कोकणातला म्हणतो तो काजू मूळचा ब्राझीलचा, हे आता बहुतेकांना ठाऊक आहे. संगीताची देवघेव इतकी सरळ झाली नाही. ब्राझीलमध्ये आफ्रिकेतून आणलेल्या गुलामांचे ताल होते, त्यांच्यावर पोर्तुगीज गिटार आणि सुरावट बसली. गोव्यात चर्चच्या शाळांनी पोरांना व्हायोलिन आणि नोटेशन शिकवलं, पाच रेघांवर लिहिलेलं संगीत पाहताक्षणी वाचायला शिकवलं. ब्राझीलला ताल मिळाला, गोव्याला वाचन. आणि गोव्यात त्या वाचनाला काम नव्हतं म्हणून तिथला वादक मुंबईला आला.

१९३५ मध्ये लिऑन अ‍ॅबी या कृष्णवर्णीय अमेरिकन व्हायोलिनवादकाचा जॅझ बँड मुंबईच्या ताजमध्ये वाजू लागला, मागून टेडी वेदरफर्डसारखे पियानोवादक आले, आणि गोव्याच्या पोरांनी त्यांच्याकडून जॅझ उचलला. मिकी कोरियांचा बँड पुढे ताजमध्ये वीसेक वर्षं टिकला. स्वातंत्र्यानंतर मुंबईत दारूबंदी आली, हॉटेलांतल्या रात्री ओसरल्या, तसतसा वादकांचा ओढा चित्रपटांच्या स्टुडिओंकडे वाढला. तिथे त्यांची गरज होतीच. संगीतकार पेटीवर चाल ऐकवायचे, सरगम सांगायचे. ती पाच रेघांवर उतरवून चाळीस-पन्नास वादकांसमोर ठेवायला गोव्याचाच माणूस लागायचा. त्याला अरेंजर म्हणत. शंकर-जयकिशन यांचे अरेंजर सेबॅस्टियन डिसोझा फाळणीपूर्वी लाहोरच्या स्टिफल्स हॉटेलात बँड चालवत. त्यांच्याबरोबर तालाची बाजू सांभाळायला होते दत्ताराम वाडकर, तेही मूळचे गोव्याचेच. ज्यांच्या ढोलकीच्या ठेक्याला वादक आजही दत्ताराम ठेका म्हणतात.

म्हणजे रागाला पाश्चात्त्य वाद्यांच्या कोंदणात बसवायचं काम ही माणसं १९६८ च्या आधी पंधरा-वीस वर्षं रोज सकाळी नऊपासून करत होती. फरक इतकाच की चित्रपटाच्या तबकडीवर त्यांची नावं छापली जात नसत. संगीतकार, गीतकार, गायक, संपलं. काहींना ती सल होती. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस यांनी १९५८ मध्ये मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजच्या प्रांगणात भारतीय रागांवर रचलेलं संगीत भल्यामोठ्या वाद्यवृंदाकडून वाजवून घेतलं होतं, लता मंगेशकर आणि मन्ना डे यांना गायला घेऊन. पैसे टिकले नाहीत, वाद्यवृंदही टिकला नाही. १९६५ मध्ये ते अमेरिकेला गेले. त्यांचं नाव देशाच्या तोंडी बसलं ते पुढे १९७७ मध्ये, त्यांचे शिष्य प्यारेलाल यांनी अमिताभच्या गाण्यात घातलं तेव्हा. रागावरच्या त्यांच्या कामासाठी मात्र हे नाव फार थोड्यांना आठवतं.

‘राग जॅझ स्टाईल’चं माझ्या लेखी पहिलं महत्त्व इथे आहे: तिच्यावर वादकांची नावं आहेत. ट्रंपेट जॉन परेरा. सॅक्सोफोन मनोहारी सिंग, जे पुढे आर. डी. बर्मन यांचा उजवा हात झाले. पियानो लुसिला पचेको. त्या काळच्या स्टुडिओत पुरुषांच्या गर्दीत पियानोवर बसलेली ही बाई, आणि तिच्यावर मराठीत धड दोन पानं कुणी लिहिलेली माझ्या वाचनात नाहीत. इलेक्ट्रिक गिटार दिलीप नाईक आणि अनिबाल कॅस्ट्रो. बेस गिटार एडी ट्रावास. ड्रम्स लेस्ली गुदिन्हो. तबला रमाकांत म्हापसेकर. बासरी सुमन. ही नावं वाचताना म्हापशापासून कोलकात्यापर्यंतचा नकाशा डोळ्यांपुढे येतो. शंकर-जयकिशन यांची हजारेक गाणी ज्यांच्या हातून गेली, त्या माणसांची ही एकदाच भरलेली हजेरी.

आता खरी अडचण, म्हणजे संगीताची. राग आणि जॅझ यांना एकत्र बसवणं बोलायला सोपं. दोघांतही उपज आहे, दोघांतही वादक त्या क्षणी सुचेल ते वाजवतो, असं सांगून भाषणं संपतात. पण राग एका षड्जावर उभा असतो. तंबोरा एकदा लागला की मैफल संपेपर्यंत सा हलत नाही. जॅझमध्ये बेस चालत राहतो, कॉर्ड बदलत जातात, आणि कॉर्ड बदलली की कानाला क्षणभर सा-च बदलल्यासारखा वाटतो. तोडी वाजत असताना खाली बेसवाल्याने चार घरं फिरून यायचं ठरवलं तर तोडी जाग्यावरच संपते. १९५९ मध्ये माइल्स डेव्हिसने ‘काइंड ऑफ ब्लू’मध्ये कॉर्डची धावपळ कमी करून एकेका स्वरसप्तकावर थांबायला सुरुवात केली होती, त्यामुळे जगभरच्या जॅझवाल्यांना या थांबण्याची सवय लागत होती. मुंबईच्या वादकांना तीही वाट चुकवून चालण्यासारखी होती, कारण रागाच्या गाण्यात खाली बेस कसा ठेवायचा हे त्यांनी रोजच्या रोटीसाठी आधीच शोधून काढलं होतं. बेस बराचसा सा-च्या अवतीभवती, एका छोट्या पालुपदावर घुटमळतो, आणि वर मोकळीक मिळते.

काही राग या कामाला जणू आयतेच सापडले. कलावती घ्या. सा ग प ध आणि कोमल नी. यातला धैवत बाजूला ठेवला तर सा ग प नी हे चार स्वर म्हणजे नेमकी डॉमिनंट सेव्हन्थ कॉर्ड, जिच्यावर सगळा ब्लूज उभा आहे. मनोहारी सिंगांच्या बोटांना ती कॉर्ड झोपेतही सापडत असणार. मालकंसाचं उलटं. सा, कोमल ग, म, कोमल ध, कोमल नी. या पाच स्वरांत मध्यमाला सा मानलं की मूर्च्छनेने धानी निघतो, आणि धानीचे स्वर म्हणजे गिटारवाल्यांचं सगळ्यात लाडकं पाच सुरांचं मायनर सप्तक. पाश्चात्त्य वादकाला मालकंसाचे सगळे स्वर ओळखीचे वाटतात, पण घर चुकण्याची भीती मोठी. षड्ज विसरून मध्यमालाच घर मानलं की मालकंस निसटतो. त्या तुकड्यात रईस खाँ पुन्हा पुन्हा षड्जावर येऊन बसतात तेव्हा ते कुणाला तरी परत घरी बोलावत असल्यासारखं मला नेहमी वाटतं.

तोडी ही सगळ्यात अवघड परीक्षा, आणि तबकडीची सुरुवात तिनेच केली आहे. धाडस म्हणा किंवा आगाऊपणा. कोमल रिषभ, कोमल गंधार, तीव्र मध्यम, कोमल धैवत, शुद्ध निषाद. यातला गंधार नेहमीच्या कोमलपेक्षाही किंचित खाली, आणि तो स्थिर उभा न राहता झुलतो. पियानोची पट्टी जिथे आहे तिथेच आहे; तिला झुलता येत नाही. सतारीला येतं, एका पडद्यावरून तार ओढून चार-पाच स्वरांपर्यंत जाता येतं, आणि विलायत खाँच्या या भाच्याच्या हातात मींड हे जन्माचं देणं. म्हणून कामाची वाटणी ठरते: राग दाखवायचा सतारीने, त्याला चौकट द्यायची पियानो-गिटारने, आणि ट्रंपेट-सॅक्सने आखूड, तुटक, ठसठशीत वाक्यं बोलायची. जिथे ही वाटणी पाळली आहे तिथे तबकडी अजूनही टवटवीत वाटते. मियाँ मल्हारात गंधाराचं ते जड आंदोलन आणि दोन निषादांची लपाछपी भोवतालच्या वाद्यांना पेलत नाही, असं माझं मत आहे. तिथे मला ढग दिसतात, पाऊस लागत नाही. काही मित्र यावरून माझ्याशी कडाकडा भांडतात.

लयीची बाजू त्या मानाने सरळ. तीनतालाच्या सोळा मात्रा म्हणजे चार-चारचे चार बार. समेवर पहिला ठोका. म्हापसेकर आणि गुदिन्हो यांना एकमेकांच्या वाटेत न येता शेजारी चालता येतं. फक्त जॅझची स्विंग लय प्रत्येक मात्रेला थोडी लंगडत नेते आणि तबला सरळ चालतो. या दोन चालींतली ती बारीक खरखर ज्यांना दोष वाटते त्यांना वाटो, मला तिथेच मजा येते.

या तबकडीच्या कौतुकात एक वाक्य हमखास असतं, की राग आणि जॅझ पहिल्यांदा एकत्र आले ते इथे. ते खरं नाही. १९६२ मध्ये रविशंकर यांनी अमेरिकेत ‘इम्प्रोव्हायझेशन्स’ केली, तिच्यात बासरीवर बड शँक हा जॅझवाला होता. आणि हाच बड शँक १९५३ मध्ये लॉरिंदो अल्मेदा या ब्राझीलच्या गिटारवादकाबरोबर ब्राझिलियन सुरावटींना जॅझची साथ देत होता, बोसा नोव्हाचा जन्म व्हायच्या आधी. दोन्ही तबकड्या एकाच माणसाच्या, रिचर्ड बॉकच्या, कंपनीने काढल्या. म्हणजे ब्राझील आणि भारत हे दोन्ही प्रयोग कॅलिफोर्नियातल्या एकाच घरातून गेलेले आहेत. लंडनमध्ये कोलकात्याचे जॉन मेयर आणि जमैकाचा जो हॅरियट यांची ‘इंडो-जॅझ स्वीट’ १९६६ ची. मुंबईत जन्मलेले गोव्याचे गिटारवादक अमान्सियो डिसिल्वा १९६७ मध्ये लंडनला गेले आणि १९६९ मध्ये त्यांनी त्याच हॅरियटबरोबर ‘हम दोनो’ केली. पहिलेपणाचा मान ‘राग जॅझ स्टाईल’ला देता येत नाही, आणि द्यायची गरजही नाही. बाकी सगळे प्रयोग परदेशात, दोन बाजूंची माणसं मुद्दाम एका खोलीत आणून झाले. इथे खोली आधीपासून एकच होती.

तरीही तिला ताबडतोब पुढची पिढी मिळाली नाही, याची कारणं शोधताना एचएमव्हीच्या त्याच काळातल्या दुसऱ्या एका तबकडीकडे पाहावं लागतं. १९६७ ची ‘कॉल ऑफ द व्हॅली’: शिवकुमार शर्मांचं संतूर, हरिप्रसाद चौरसियांची बासरी, ब्रिजभूषण काबरांची गिटार, माणिकराव पोपटकरांचा तबला. काश्मीरच्या मेंढपाळाचा एक दिवस, पहाटेच्या अहिर भैरवापासून रात्रीच्या पहाडीपर्यंत. ती जगभर खपली आणि आजही खपते. तिचे निर्माते होते जी. एन. जोशी, आणि इथे मी बुलढाणा जिल्ह्याच्या वतीने जरा छाती फुगवून घेतो. जोशींना महाराष्ट्राने आधी ओळखलं ते भावगीत गायक म्हणून, आणि ती ओळख करून दिली ‘शीळ’ने. कवी ना. घ. देशपांडे, आपल्या मेहकरचे वकील. पुढे ‘खूणगाठी’साठी त्यांना १९८६ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, पण तबकडीवर त्यांचे शब्द १९३० च्या दशकातच घरोघर गेले होते. ज्यांनी मेहकरची शीळ ग्रामोफोनवर आणली, त्यांनीच पुढे काश्मीरची बासरी आणली. जिल्ह्यातल्या शाळांतून हे सांगितलं जात असेल तर मला आनंद आहे.

‘कॉल ऑफ द व्हॅली’तले मुख्य तिघेही मैफलीचे कलाकार होते. तबकडी ऐकलेला माणूस त्यांना समोर बसून ऐकू शकत होता, आणि त्यांची कीर्ती वाढली तशी तबकडीचीही वाढली. ‘राग जॅझ स्टाईल’च्या मंडळींना सकाळी दुसऱ्या गाण्याचं रेकॉर्डिंग होतं. त्यांचा बँड म्हणून बँड नव्हताच. १९७१ च्या सप्टेंबरात जयकिशन गेले. रईस खाँ १९८६ मध्ये पाकिस्तानात स्थायिक झाले आणि २०१७ मध्ये कराचीत वारले. दुसरा भाग कधी निघाला नाही.

देऊळगाव राजाच्या वाचकाला ही गोष्ट समजावायला मला आपल्याच शिवारात यावं लागतं. इथून जालन्याकडे जाताना रस्त्याच्या दोन्ही बाजूंना शेडनेट दिसतात. मिरची, टोमॅटो, काकडीचं संकरित बियाणं त्यांच्यात तयार होतं. १९६४ मध्ये, म्हणजे ‘गेट्झ/जिल्बेर्तो’ बाजारात आली त्याच वर्षी, जालन्यात बद्रीनारायण बारवाले यांनी महिको काढली आणि हा धंदा या पट्ट्यात रुजला. टोमॅटोचं क्रॉसिंग जवळून पाहिलेल्याला त्यातली मेहनत ठाऊक आहे. उद्या उमलेल अशी कळी बाया संध्याकाळी चिमट्याने उघडतात, तिच्यातले पुंकेसर काढून टाकतात. सकाळी नर ओळीतल्या फुलांचा पराग बोटाने तिच्यावर लावतात, खूण करतात आणि पुढच्या कळीला लागतात. दिवसभर वाकून, हजारो फुलं. त्या बियाण्याचं पहिलं पीक डोळे दिपवणारं येतं. पण त्याच पिकाचं बी धरून पुढच्या वर्षी पेरलं की वाण फुटतो. एक झाड आईवर जातं, एक बापावर, आणि भरवसा राहत नाही. एखादा संकर सरळ वाण होऊन स्थिरावावा असं वाटत असेल तर तो त्याच मातीत पिढ्यान्‌पिढ्या निवडत न्यावा लागतो.

बोसा नोव्हा रिओत स्थिरावला. तिथे क्लब होते, गीतकार होते, शेकडो गिटारी होत्या, आणि कुणालाही घरी बसून गाता येतील अशी गाणी होती. त्याचं बी आपल्याकडेही उडून आलं: १९६६ च्या ‘पती पत्नी’त आशा भोसल्यांचं एक गाणं आर. डी. बर्मन यांनी बोसा नोव्हाच्या ठेक्यावर बांधलं आहे, ते आजही ऐकावं असं. ‘राग जॅझ स्टाईल’ पहिल्या पिकासारखी आली आणि तिचं बी कुणी धरलं नाही. ब्राझ गोन्साल्विस यांनी सॅक्सोफोनवर रागांची वाट पुढे चालवली, पण ती त्यांची स्वतःची, जॅझच्या बाजूने आलेली. १९७५-७६ मध्ये जॉन मॅकलॉफ्लिन आणि झाकीर हुसेन यांचा ‘शक्ती’ आला तो वेगळ्याच कुळातला. १९७८ पासून मुंबईच्या रंगभवनात जॅझ यात्रा भरू लागली, सनी रोलिन्ससारखा माणूस तिथे वाजवून गेला, तोवर १९६८ चं ते अकरा रागांचं पीक गोदामात गेलं होतं.

ते बाहेर काढलं जुन्या तबकड्या शोधत फिरणाऱ्यांनी. चोरबाजारातल्या ढिगांतून, परदेशी संग्राहकांच्या यादीतून, मग सीडीवर, नव्याने दाबलेल्या एलपीवर आणि अखेर फोनवर. तिची आजची कीर्ती शंकर-जयकिशन यांच्या चाहत्यांपेक्षा जॅझ आणि जुन्या तबकड्यांच्या वेड्यांनी वाढवलेली आहे. या कीर्तीत थोडी हवा आहे. मूळ एलपीची किंमत चढते तशी तिच्यावरची विशेषणंही चढतात, आणि ज्याने ती विकत घेतली त्याला ती श्रेष्ठ वाटणं साहजिक आहे. हवा काढून टाकली तरी उरतं ते बरंच आहे: काही मिनिटांचे नेटके तुकडे, कुठेही अध्यात्माचा धूर नाही, उदबत्ती नाही, ‘पूर्व-पश्चिम मीलना’चं प्रवचन नाही. कामाची माणसं काम करताहेत. १९६८ मध्ये जगभर सतार हे फॅशनचं वाद्य झालं होतं. त्या वर्षी इतक्या कमी भाबडेपणाने सतार वाजवून घेणं हे छोटं काम नव्हतं.

पुढची अकरा प्रकरणं अकरा रागांवर आहेत, एकेका तुकड्यावर एकेक. प्रत्येकात आधी राग थोडक्यात सांगितला आहे, मग त्या रागातली शंकर-जयकिशन यांची चित्रपटगीतं, आणि मग तो तुकडा मिनिटा-मिनिटाने. ज्यांना रागाचं व्याकरण येतं त्यांनी प्रत्येक प्रकरणाची पहिली दोन पानं ओलांडावीत. ज्यांना जॅझ येतो त्यांनी ती जरूर वाचावीत. ऐकायला मात्र तबकडीच्या क्रमाने सुरुवात करू नका. तोडी नवख्या कानाला बिचकवते. आधी शिवरंजनी ऐका, कारण ती तुम्ही वरातीत ऐकलेली आहे. मग कलावती, मग मालकंस. तोडीला चौथ्या-पाचव्या दिवशी, सकाळी, चांगल्या हेडफोनवर. मियाँ मल्हाराबद्दल माझं मत वर दिलंच आहे. त्या प्रकरणात माझ्याशी न पटणाऱ्या मित्रांची बाजूही मी त्यांच्याच शब्दांत लिहिली आहे, आणि ती माझ्यापेक्षा चार पानांनी मोठी झाली आहे.